शर्ली पोर्टर : वेस्टमिन्स्टरच्या हुजूरपक्षीय नेत्या आणि मतांसाठी विकलेली घरं

टेम्सकाठ

ब्रिटनचं राजकारण म्हटलं की आपल्याकडे चर्चा थॅचरबाईंपाशी सुरू होते आणि तिथंच संपते. पण थॅचरबाईंचे विचार गल्लीत, कचऱ्याच्या गाडीत आणि भाड्याच्या घरात कसे उतरले हे बघायचं असेल तर शर्ली पोर्टर यांची कारकीर्द बघायला हवी. त्या कधी खासदार झाल्या नाहीत, मंत्री तर नाहीच. लंडनमधल्या वेस्टमिन्स्टर सिटी कौन्सिलच्या नगरसेविका आणि 1983 ते 1991 तिथल्या सत्ताधारी नेत्या, एवढंच त्यांचं सत्तापद. तरीही त्यांच्यावरचा खटला हाउस ऑफ लॉर्ड्सपर्यंत, म्हणजे तेव्हाच्या ब्रिटनमधल्या सर्वोच्च न्यायपीठापर्यंत गेला आणि त्यातला निकाल आजही कायद्याच्या वर्गात शिकवला जातो.

आधी एक खुलासा, नाहीतर मुंबई-पुण्याच्या पालिकेच्या चष्म्यातून बघितलं जाईल. आपल्याकडे कारभाराची खरी सूत्रं आयुक्तांच्या हातात, महापौर बराचसा मानाचा. तिथं लॉर्ड मेयर मानाचा, पण 'लीडर ऑफ द कौन्सिल' म्हणजे बहुमतवाल्या पक्षाचा नेता, आणि धोरण तो ठरवतो. अधिकारी त्याच्या म्हणण्याप्रमाणे हलतात. म्हणून पोर्टरबाईंच्या हातात जे होतं ते आपल्या कुठल्याच नगरसेवकाच्या हातात नसतं.

जन्म 1930 चा, पूर्व लंडनच्या ज्यू कुटुंबात. वडील जॅक कोहेन यांनी पहिल्या महायुद्धातून परतल्यावर सैन्याचा उरलेला माल हॅकनीच्या बाजारात हातगाडीवर विकायला सुरुवात केली, आणि त्यातून टेस्को उभी राहिली. नवरा लेस्ली पोर्टर पुढे त्याच टेस्कोचा अध्यक्ष झाला. पैसा अमाप, पण हुजूर पक्षातल्या जुन्या खानदानी मंडळींच्या लेखी ही वाण्याचीच मुलगी. 1974 मध्ये हाइड पार्क वॉर्डातून निवडून आल्या, वयाच्या चव्वेचाळिशीच्या उंबरठ्यावर. घरदार, मुलं यांतून मोकळ्या झाल्यावर सार्वजनिक कामात उतरणाऱ्या बायका आपणही बघतो, तसंच.

सुरुवातीची ओळख कचऱ्याची. रस्ते स्वच्छ हवेत, दुकानदारांनी आपल्या दारापुढचं बघावं, दंड करावा, हा त्यांचा धोशा. मग सोहोमधली अश्लील धंद्यांची दुकानं. 1982 च्या कायद्यानं कौन्सिलांना अशा दुकानांवर परवान्याची सक्ती करता आली आणि वेस्टमिन्स्टरनं तो अधिकार नेटानं वापरला. तिसरं, उधळपट्टीविरोध. तेव्हा सगळ्या लंडनसाठीच्या ग्रेटर लंडन कौन्सिलवर केन लिव्हिंगस्टन यांचा डावा मजूर पक्ष होता. त्यांच्या खर्चाविरुद्ध बाईंनी मोहीम उघडली. कर भरणाऱ्याचा पैसा म्हणजे दुकानदाराचा गल्ला, त्यातली पैन् पै मोजून वापरायची, हा त्यांचा विचार. त्यावर त्यांची श्रद्धा खोटी होती असं मला वाटत नाही. लोकांना एकाच खिडकीत सगळी कामं करून मिळावीत म्हणून त्यांनी केलेली व्यवस्था त्या काळात नवी होती.

घोटाळा पुढं झाला, त्यावर सविस्तर लिहितो. पण हा भाग आधी लिहिला कारण बाई पहिल्या दिवसापासून खलनायिका होत्या असं मांडलं तर त्यांच्या कारकिर्दीतला खरा धोका कळणारच नाही.

रानवाटा

चांगला विषय. कचरा, कर आणि परवाने हे नगरसेवकाचं खरं काम. ते मनापासून करणारी व्यक्ती उजवी असो की डावी, मला आदर वाटतो. लिव्हिंगस्टनच्या काळातला खर्च सगळाच पटण्यासारखा नव्हता, त्यामुळे बाईंना पाठिंबा मिळाला तो उगाच नाही. पुढचं लिहा, पण दोन्ही बाजू येऊ द्या.

स्वरा_ठाणे

वाचतेय. ते दफनभूमी विकल्याचं प्रकरण यांचंच ना?

टेम्सकाठ

हो, यांचंच. 1987 मध्ये कौन्सिलनं आपल्या मालकीच्या तीन दफनभूमी विकल्या. हॅनवेल, मिल हिल आणि ईस्ट फिंचली. किंमत प्रत्येकी 5 पेन्स, तिन्हींचे मिळून 15 पेन्स. एका पौंडात शंभर पेन्स, म्हणजे पाव पौंडसुद्धा नाही. हेतू असा की देखभालीचा वर्षानुवर्षांचा खर्च एकदाचा डोक्यावरून जावा. कागदावर बचत दिसत होती. पण या जागांबरोबर राहण्याची घरं आणि बांधकामायोग्य जमीनही गेली. जमीन हातोहात पुढं विकली गेली आणि थडग्यांकडे बघायला कुणी उरलं नाही.

जरा डोळ्यांपुढं आणा. दर रविवारी आईच्या थडग्यावर फुलं ठेवायला येणारी माणसं. फाटकातून आत शिरलं तर गुडघाभर गवत, दगडावरचं नाव शोधायला काटेरी झुडपं हातानं बाजूला करायची. नातेवाईक कौन्सिलच्या दारात उभे राहिले. अखेर स्थानिक कारभाराच्या लोकपालानं ताशेरे ओढले आणि कौन्सिलला दफनभूमी परत घ्याव्या लागल्या. वाचवायला निघालेला पैसा किती तरी पटींनी गेला.

मला यात त्यांच्या विचारसरणीतली खरी उणीव दिसते. ज्या गोष्टीचा हिशेब नफ्या-तोट्यात लागत नाही ती त्यांना ओझं वाटे.

लेखापाल

स्थानिक निधी लेखा परीक्षेत आयुष्य गेलं, म्हणून धाग्यात उतरतो. दफनभूमीचा किस्सा प्रसिद्ध आहे, पण लेखापरीक्षकाच्या नजरेनं बघितलं तर तो मूर्खपणा आहे, लबाडी नाही. नगरपालिकेनं वाईट सौदा केला म्हणून कुणी वैयक्तिकरीत्या जबाबदार ठरत नाही, आणि ठरूही नये, नाहीतर कुणी निर्णयच घेणार नाही. घरांचं प्रकरण वेगळं आहे. तिथं अधिकार कशासाठी वापरला हा प्रश्न होता. टेम्सकाठ, तुम्ही लिहा, मी मागाहून वसुलीचा भाग लिहितो.

टेम्सकाठ

आता मुख्य विषय.

मे 1986 ची निवडणूक. 60 जागांच्या कौन्सिलमध्ये हुजूर पक्षाला 32, मजूर पक्षाला 27 आणि एक अपक्ष. तोवर कधीही न हरलेलं वेस्टमिन्स्टर हातातून जाता जाता राहिलं. राजवाडा, संसद, मेफेअर हे सगळं याच हद्दीत, पण पॅडिंग्टन आणि वायव्येकडच्या भागात कौन्सिलच्या भाड्याच्या घरांत राहणारी कष्टकरी वस्तीही याच हद्दीत. ही वस्ती बहुतांशी मजूर पक्षाला मत देणारी.

बाई हादरल्या. त्यांनी आणि जवळच्या सहकाऱ्यांनी काठावरचे, म्हणजे थोड्या मतांनी इकडचे तिकडे होतील असे आठ वॉर्ड निवडले. बेझवॉटर, लिटल व्हेनिस, मिलबँक, व्हिक्टोरिया वगैरे. या वॉर्डांत हुजूर पक्षाला मत देऊ शकतील अशी माणसं वाढवायची आणि बेघर कुटुंबांना वॉर्डाबाहेर, जमल्यास वेस्टमिन्स्टरबाहेर ठेवायचं. साधन काय? कौन्सिलचं घर रिकामं झालं की ते प्रतीक्षा यादीतल्या गरजू कुटुंबाला द्यायचं नाही, विकायचं. घर विकत घेणारा माणूस हुजूर पक्षाकडे झुकेल हे गणित. जाहीर नाव मात्र 'बिल्डिंग स्टेबल कम्युनिटीज', म्हणजे स्थिर वस्त्या उभारणं.

रिकाम्या घरात कुणी घुसू नये म्हणून दारांवर पोलादी पत्रे ठोकले. एकाच जिन्यावर एका घरात कुटुंब राहतंय, शेजारच्या दाराला पोलादी पत्रा, आणि त्याच वेळी बेघर कुटुंबं लॉजमध्ये कौन्सिलच्या खर्चानं राहतायत. लंडनमध्ये तेव्हा बेघरांची संख्या वाढत होती.

रानवाटा

थांबा. 1980 च्या कायद्यानं कौन्सिलच्या भाडेकरूला घर विकत घ्यायचा हक्क मिळालाच होता आणि तो सामान्य माणसांत तुफान लोकप्रिय होता. सगळ्या देशात घरं विकली गेली. मग एका बाईंनी विकली तर तो गुन्हा कसा? घराचा मालक झालेला माणूस परिसराची काळजी घेतो, हा विचार काही लबाडीचा नाही. आपल्याकडे पागडीच्या खोलीतून मालकीच्या फ्लॅटमध्ये गेलेल्या कुणालाही विचारा. आणि कुठला पक्ष आपला मतदार वाढावा म्हणून धोरणं आखत नाही?

स्वरा_ठाणे

मलाही हाच प्रश्न पडला. मतं मिळावीत म्हणून पूल बांधणं आणि मतं मिळावीत म्हणून घरं विकणं यात फरक काय?

वकीलकाकू

स्वराचा प्रश्न अगदी मर्मावरचा आहे आणि न्यायालयानं तोच सोडवला. निकाल देणाऱ्या न्यायाधीशांपैकी लॉर्ड बिंगहॅम यांचं म्हणणं थोडक्यात असं : लोकप्रतिनिधी राजकारणी असतात, त्यांनी लोकांना आवडेल असं काम करावं आणि त्याबद्दल मतं मिळतील अशी आशा धरावी, यात काही गैर नाही. लोकशाही चालतेच त्यावर. पण कायद्यानं दिलेला अधिकार ज्या कामासाठी दिलाय त्याच कामासाठी वापरला पाहिजे. घरं विकायचा अधिकार घरांच्या प्रश्नासाठी आहे. तो पक्षाची मतं वाढवायला वापरला तर अधिकाराचा गैरवापर झाला, मग पैसा खिशात गेला नसला तरी.

म्हणजे पूल गरज आहे म्हणून बांधला आणि मतं मिळाली, चालेल. पण कुठला मतदार कुठल्या वॉर्डात राहील हे ठरवायला पालिकेची मालमत्ता वापरली, तर मतदार प्रतिनिधी निवडत नाही, प्रतिनिधी मतदार निवडतो.

यात एक फार बोलकी गोष्ट आहे. मे 1987 मध्ये कौन्सिलनं एका ज्येष्ठ बॅरिस्टरचा सल्ला घेतला. विक्री फक्त काठावरच्या वॉर्डांपुरती ठेवता येणार नाही असा तो सल्ला. मूळ लक्ष्य त्या आठ वॉर्डांत वर्षाला 250 घरं विकायचं होतं. सल्ला आल्यावर त्यांनी काय केलं? विक्री सगळ्या शहरभर पसरवली, वर्षाला 500, म्हणजे त्यांतली 250 त्या वॉर्डांत येतीलच. आकडा तोच साधला, फक्त बाहेरून दिसायला कायदेशीर. बचावाचं म्हणणं, आम्ही वकिलाचं ऐकलं. न्यायाधीशांना मात्र दिसलं ते असं की सल्ला हेतू बदलायला नव्हे, हेतू झाकायला वापरला. हेतू तोच राहिला असेल तर नकाशा मोठा केल्यानं काही बदलत नाही.

रानवाटा यांच्या मुद्द्याला उत्तर यातच आहे. राहत्या भाडेकरूनं स्वतःचं घर विकत घेणं हा त्याचा हक्क, त्याबद्दल खटला नव्हताच. खटला होता तो रिकामी झालेली घरं गरजूंपासून अडवून विकल्याबद्दल.

लेखापाल

आता माझा भाग. ही गोष्ट विरोधी पक्षाच्या भाषणांनी संपली असती तर सगळे विसरले असते. ती टिकली कारण इंग्लंडच्या कायद्यात साध्या स्थानिक मतदाराला कौन्सिलच्या हिशेबांवर लेखापरीक्षकाकडे हरकत घ्यायचा हक्क होता. 1989 मध्ये बीबीसीच्या पॅनोरामा या कार्यक्रमानं प्रकरण बाहेर काढलं आणि काही रहिवाशांनी व विरोधी नगरसेवकांनी रीतसर हरकत नोंदवली. लेखापरीक्षक जॉन मॅगिल यांनी वर्षानुवर्षं फायली चाळल्या. 1994 मध्ये प्राथमिक निष्कर्ष, 1996 मध्ये अंतिम अहवाल. पोर्टर, उपनेते डेव्हिड वीक्स आणि आणखी चौघे अशा सहा जणांवर मिळून 3 कोटी 16 लाख पौंडांचा अधिभार, म्हणजे कौन्सिलचं नुकसान स्वतःच्या खिशातून भरून द्यायचं.

ही रक्कम हवेतून आलेली नाही. घरं सवलतीत विकल्यानं झालेलं नुकसान, रिकाम्या ठेवलेल्या घरांचं बुडालेलं भाडं, बेघरांना तात्पुरत्या जागी ठेवण्याचा खर्च, असं एकेक कलम लावून ती बसवली. माझ्यासारख्याला हे वाचताना अंगावर काटा येतो. आक्षेप घेणं सोपं, आक्षेपाला रक्कम लावणं कठीण, आणि ती रक्कम न्यायालयात टिकवणं त्याहून कठीण.

पुढे 1997 मध्ये उच्च न्यायालयानं पोर्टर आणि वीक्स यांना दोषी धरलं, बाकीच्यांना सोडलं. 1999 मध्ये अपील न्यायालयानं बहुमतानं या दोघांनाही सोडलं. आणि डिसेंबर 2001 मध्ये हाउस ऑफ लॉर्ड्सनं एकमतानं पुन्हा दोषी ठरवलं. तोवर व्याजासकट रक्कम 4 कोटी पौंडांच्या वर गेली होती.

आपल्याकडेही अशी तरतूद आहे बरं का. मुंबई स्थानिक निधी लेखापरीक्षा अधिनियम, 1930. त्यातही अधिभार लावता येतो. पण आपल्या अहवालात 'वसूलपात्र' लिहिलेला परिच्छेद अनुपालनाच्या वाटेवर वर्षानुवर्षं पडून असतो. मॅगिल यांच्यामागं जे बळ होतं ते हरकत घेऊन मागे न हटलेल्या नागरिकांचं. फक्त कायद्याच्या पुस्तकानं हे झालं नसतं.

रानवाटा

लेखापाल, वकीलकाकू, माहितीबद्दल आभार. हेतूचा मुद्दा पटला. तरी एक आकडा मांडतो. 1990 च्या निवडणुकीत हुजूर पक्षानं वेस्टमिन्स्टरमध्ये 45 जागा जिंकल्या, मजूर पक्षाला 15. तेव्हा देशभर पोल टॅक्सवरून, म्हणजे माणशी आकारल्या जाणाऱ्या स्थानिक करावरून आगडोंब उसळला होता आणि वेस्टमिन्स्टरनं तो माणशी फक्त 195 पौंड ठेवला होता, देशाच्या सरासरीपेक्षा कितीतरी कमी. लोकांनी कमी कराला मत दिलं, घरविक्रीला नाही. चार वर्षांत काही शे घरं विकून एवढी उलथापालथ होत नाही.

टेम्सकाठ

आकडा बरोबर आहे आणि मुद्दाही. फक्त त्या कमी करामागं केंद्र सरकारनं वेस्टमिन्स्टरला दिलेलं भरघोस अनुदान होतं, हेही धरा. पण समजा घरविक्रीनं एकही जागा वाढली नाही. तरी ज्या कुटुंबाला घर मिळालं असतं त्याला ते मिळालं नाही. माझ्या लेखी नुकसान तिथं झालं, निवडणुकीच्या निकालात नाही.

मेडाव्हेलची_सून

मी याच भागात राहते म्हणून एक भर घालते. एल्गिन अ‍ॅव्हेन्यूच्या बाजूला हर्मीस पॉइंट आणि चँट्री पॉइंट असे दोन उंच मनोरे होते. दोन्हींत अ‍ॅस्बेस्टॉस. ते कौन्सिलला ठाऊक असूनही 1989 मध्ये बेघर कुटुंबं तिथं ठेवली गेली. त्यात लहान मुलं होती. अ‍ॅस्बेस्टॉसचे तंतू फुप्फुसात गेले तर आजार कित्येक दशकांनी उभा राहतो, त्यामुळे त्या मुलांच्या आईबापांना कुणी ठाम सांगू शकत नव्हतं की काही झालेलं नाही. मला या सगळ्या प्रकरणात सर्वांत जास्त चीड याची येते. पैशाची वसुली झाली, याची कशी करणार?

इथल्या भाडेकरूंनी मात्र कमाल केली. कौन्सिल वस्ती विकायला निघालंय हे कळल्यावर ते 1985 पासून एकत्र आले. दारोदार जाऊन सह्या, बैठका, कौन्सिलच्या सभांना गर्दी. थॅचर सरकारनं 1988 च्या कायद्यात एक कलम घातलं होतं : भाडेकरूंना हवं तर त्यांनी कौन्सिल सोडून दुसरा मालक निवडावा. उद्देश कौन्सिलांची मक्तेदारी मोडायचा. या बायाबापड्यांनी तेच कलम हातात घेतलं, स्वतःची संस्था काढली, मतदान जिंकलं आणि 1992 मध्ये 921 घरं स्वतःच्या ताब्यात घेतली. वॉल्टर्टन अँड एल्गिन कम्युनिटी होम्स नावाची ती संस्था. ते दोन्ही मनोरे नंतर पाडले गेले.

स्वरा_ठाणे

हे तर माहीतच नव्हतं! सरकारचाच कायदा वापरून सरकारच्याच पक्षाकडून घरं घेतली. आपल्या पुनर्विकासवाल्या चाळींना सांगायला हवं. बाईंकडून पैसे वसूल झाले का शेवटी?

टेम्सकाठ

पूर्ण नाही. बाई 1994 मध्ये इस्रायलला गेल्या. टेस्कोची वारस, पण मालमत्ता जाहीर करायची वेळ आली तेव्हा आपल्याकडे जेमतेम 3 लाख पौंड आहेत असं सांगितलं. बाकीचा पैसा परदेशातल्या न्यासांत आणि कंपन्यांत. कौन्सिलनं तो शोधायला माणसं लावली, मजूर पक्षाचे पॉल डिमोल्डनबर्ग आणि बीबीसीचे पत्रकार अँड्र्यू हॉस्केन यांनी पाठपुरावा सोडला नाही. शेवटी 2004 मध्ये 1 कोटी 23 लाख पौंडांवर तडजोड झाली. कौन्सिल तेव्हाही हुजूर पक्षाकडेच होतं आणि तडजोड लवकर केली अशी टीका झाली. माझंही मत तेच.

मधल्या काळात माणसंही गेली. प्राथमिक निष्कर्ष जाहीर झाले त्या सुमारास चौकशीतल्या एका हुजूरपक्षीय नगरसेवकानं जीव दिला. ते वाचल्यापासून मला या प्रकरणावर लिहिताना जपून लिहावंसं वाटतं.

वकीलकाकू

या निकालाचा दुसरा भाग भारतातही पोचला. पोर्टर यांचं म्हणणं होतं की मॅगिल यांनी प्राथमिक निष्कर्ष पत्रकार परिषद घेऊन जाहीर केले, म्हणजे त्यांचं मत आधीच बनलं होतं. त्यावर लॉर्ड होप यांनी कसोटी दिली : सगळी वस्तुस्थिती माहीत असलेल्या, समतोल बुद्धीच्या तिऱ्हाईताला पक्षपाताची खरीखुरी शक्यता दिसेल का? या कसोटीवर मॅगिल टिकले. आपल्या न्यायालयांतही पक्षपाताचा मुद्दा निघाला की 'पोर्टर विरुद्ध मॅगिल'चा हवाला दिला जातो.

लेखापाल

आणि ज्या अधिभारानं हे सगळं घडलं तो इंग्लंडनं 2000 च्या कायद्यानं काढून टाकायचं ठरवलं. कारण दिलं की तो फार जाचक आहे. निकाल लागला तेव्हा त्याचा शेवट ठरलेला होता. मला हे चुकीचं वाटतं. एवढा मोठा आकडा लावू नका, मर्यादा घाला, पण नगरसेवकाच्या स्वतःच्या खिशाला झळ बसण्याची शक्यता राहू द्या.

रानवाटा

यावर मी लेखापालांच्या बाजूनं. करदात्याच्या पैशाचा हिशेब मागणं हा उजव्या विचारातलाच मुद्दा आहे, आणि बाईंनी सुरुवातीला तोच मांडला होता. त्यांच्याच पक्षानं पुढं काही बोललं का?

टेम्सकाठ

बोलला. 2009 मध्ये वेस्टमिन्स्टरचे तेव्हाचे हुजूरपक्षीय नेते कॉलिन बॅरो यांनी त्या धोरणाचा फटका बसलेल्यांची जाहीर माफी मागितली. घटनेनंतर वीसेक वर्षांनी. आणि मे 2022 मध्ये मजूर पक्षानं वेस्टमिन्स्टर जिंकलं, 54 पैकी 31 जागा घेऊन, कौन्सिलच्या इतिहासात पहिल्यांदा. डिमोल्डनबर्ग तेव्हाही निवडून आले होते.

मेडाव्हेलची_सून, त्या भाडेकरू संस्थेवर तुम्ही वेगळा धागा काढा. मतदानाआधी त्यांनी घरोघरी काय सांगितलं, दुरुस्तीचा पैसा कौन्सिलकडून कसा काढला, हे तपशील इथल्या गृहनिर्माण संस्थांच्या मंडळींना खरोखर उपयोगी पडतील.

मेडाव्हेलची_सून

काढते. तिथल्या जुन्या रहिवासी बायकांशी बोलून लिहीन, थोडा वेळ द्या.